ताने माहुता, वाइपोउआ: पाय वर, डोकं खाली

न्यूझीलंडच्या नॉर्थलँडमध्ये स्टेट हायवे १२ वाइपोउआच्या जंगलातून जातो. गाडी लावली की पाच मिनिटांत ताने माहुता या प्रचंड कौरी झाडासमोर. तिकीट नाही. उंची ५१ मीटरच्या वर, बुंध्याचा घेर १३.७७ मीटर, वय अंदाजे दोन हजार वर्षं. आज उभ्या असलेल्या ज्ञात कौरी झाडांतलं आकारमानाने हे सगळ्यात मोठं. फोटो काढून दहा मिनिटांत परत फिरणारे बरेच. गोष्ट माहीत असेल तर मात्र इथे तासभर सहज जातो.

न्यूझीलंडच्या मूळ रहिवासी माओरींची गोष्ट अशी. आकाश रांगीनुई आणि पृथ्वी पापातूआनुकू एकमेकांना घट्ट बिलगलेले, पोरं मधल्या काळोखात दबलेली. युद्धाचा देव तूमाताउएंगा म्हणाला, आईबापांना मारूनच टाकू. जंगलांचा देव ताने, ज्याचं नाव या झाडाला आहे, म्हणाला, नको, वेगळं करू. वाऱ्यावादळांचा ताफिरीमातेआ तेवढा या बेताच्या विरोधात होता. रताळ्याचा आणि लागवडीचा रोंगो, समुद्राचा तांगारोआ, रानातल्या कंदमुळांचा हाउमिया, मग तूमाताउएंगा, सगळ्यांनी जोर लावून पाहिला. जमलं नाही. शेवटी ताने उठला, पण हातांनी ढकलायला गेला नाही. डोकं आईच्या अंगावर टेकवलं, पाय बापाला लावले आणि रेटत राहिला. १८४९च्या सुमारास ‘ते आरावा’ जमातीच्या ‘ते रांगिकाहेके’ यांनी ही कथा तेव्हाचे गव्हर्नर जॉर्ज ग्रे यांच्यासाठी लिहून काढली, त्यात हे असंच आहे.

आता झाडाकडे पुन्हा बघा. पहिल्या फांदीपर्यंत जवळजवळ १८ मीटर सरळसोट बुंधा, आणि वर आडव्यातिडव्या पसरलेल्या जाड फांद्या. ते पाय. डोकं जमिनीत. आपल्याकडच्या वाचकाला वेदातली द्यावापृथिवी, म्हणजे आकाश-पृथ्वीची जोडी, आठवेल, आठवू द्या. पण तिथे आकाश-पृथ्वी सावरून धरणारा देव असा झाडाच्या रूपात डोळ्यांसमोर उभा नसतो.

जंगलात शिरतानाच्या बूट धुण्याच्या जागेचा अर्थही इथेच लागतो. कौरीला मुळांतून मारणारा एक सूक्ष्मजीव, फायटोफ्थोरा अगाथिडिसिडा, मातीतून पसरतो. टाचणीच्या डोक्याएवढी माती पुरते. खात्रीचा इलाज नाही. पानं पिवळी पडतात, शेंडा विरळ होतो, बुंध्याच्या तळाशी डिंक गळतो. कौरीची बारीक मुळं अगदी वरच्या थरात असतात, म्हणून लाकडी फळ्यांची वाट सोडून एक पाऊलही बाहेर टाकायचं नाही. माओरी रीतीत डोकं तापू, म्हणजे पवित्र आणि वर्ज्य. तानेचं डोकं नेमकं तुमच्या बुटांखाली आहे.

आधी ब्रशने तळव्याच्या खाचांमधली माती पूर्ण काढा, मगच जंतुनाशक. चूक होते ती इथेच: लोक चिखल तसाच ठेवून औषधावर पाय टेकतात आणि निघतात. मातीच्या थराखाली औषध पोचतच नाही. परत येतानाही तेच सगळं. खोल खाचांचे ट्रेकिंगचे बूट टाळा. सपाट तळव्याचे लवकर साफ होतात.

साल नीट बघा. खवल्यांसारखी गळत राहते, त्यामुळे वेलींना चढायला पकड मिळत नाही. उत्तरेकडची गोष्ट सांगते की देवमाशाने कौरीला समुद्रात बोलावलं, कौरी काही गेला नाही, मग दोघांनी कातडी बदलली. पातळ साल आणि आतला डिंक म्हणजे त्या माशाची कातडी आणि तेल.

झाडाचे रखवालदार म्हणजे ‘ते रोरोआ’ या माओरी जमातीचे लोक. स्थानिक माओरी मार्गदर्शकाबरोबरची संध्याकाळची फेरी मिळाली तर दिवसापेक्षा तीच घ्या. अंधारात बुंधा आधी भिंतीसारखा वाटतो, मान वर केल्यावर झाड होतं. मार्गदर्शक कसा आहे ते एका प्रश्नाने कळतं: तानेच्या आधी कोणी कोणी प्रयत्न केला? आणि दक्षिण बेटावरच्या न्गाई ताहू जमातीच्या कथेत पापातूआनुकू आधी तांगारोआची बायको होती, हे विचारल्यावर जो ‘आमच्याकडे असं नाही’ म्हणून पुढे बोलतो तो चांगला. सगळ्या जमातींची एकच कथा करून सांगणाऱ्यावर पैसे घालवू नका.

पावसाला घाबरू नका. पाऊस म्हणजे रांगीनुईचे आसू, धुकं म्हणजे पापातूआनुकूचे उसासे. दोन्ही इथे भरपूर. फळ्या मात्र निसरड्या होतात.

ऑकलंडहून साडेतीन-चार तास. एका दिवसात जाऊन यायचा बेत करू नका, रस्ता वळणांचा आहे. मुक्काम ओमापेरेला, तिथून झाड वीसेक किलोमीटर. दक्षिणेकडून येत असाल तर पेट्रोल डार्गाव्हिललाच भरा. जंगलात मोबाइलच्या रेंजचा भरवसा नाही, नकाशा आधीच उतरवून घ्या. जवळच्या कठड्यापाशी अख्खं झाड फोनच्या चौकटीत मावत नाही; थोडं पुढे जाऊन लांबून घ्या, आणि खाली एक माणूस उभा करा, नाहीतर फोटोत ते साधं झाड दिसतं.

वेळ उरला तर याच जंगलातलं ‘ते मातुआ न्गाहेरे’ हे दुसरं कौरी झाड पाहा. उंची जेमतेम ३० मीटर, पण घेर १६ मीटरच्या वर. तिथे गर्दी कमी असते.