रबर तुटलं तेव्हा: काटकसर, जंगल की कारखाना?

युद्धात एखाद्या कच्च्या मालाचा पुरवठा तुटला तर आधी कशाला हात घालावा, हे ठरवायचं असेल तर १९४२ मधल्या अमेरिकेच्या रबराचा हिशेब मांडून पाहा. जपानने मलाया आणि डच ईस्ट इंडीज घेतल्यावर अमेरिकेचा सुमारे ९० टक्के रबराचा पुरवठा बंद पडला. साठा जेमतेम १० लाख टन, खप वर्षाला ६ लाख टन.

काटकसर सगळ्यात लवकर फळते. जानेवारी १९४२ मध्येच टायर रेशनवर गेले. पुढे पेट्रोल पंपांवर पौंडाला एक सेंट देऊन जुनं रबर गोळा केलं. सुमारे साडेचार लाख टन जमलं, पण त्याची प्रत हलकी. खरा उपाय वेगळाच होता. देशाच्या बऱ्याच भागांत पेट्रोल पुरेसं असूनही ते मोजून द्यायला लागले आणि वेगमर्यादा ताशी ३५ मैलांवर आणली, कारण गाडी कमी धावली की टायर कमी झिजतो. मी तरी सुरुवात इथूनच करेन.

जंगलाची वाट कागदावर स्वस्त दिसते. ॲमेझॉनमध्ये रबराची झाडं विखुरलेली. एकत्र लावली की पानांवरचा रोग मळाच्या मळा खातो, मोटारवाल्या फोर्डच्या तिथल्या फोर्डलँडिया या रबराच्या मळ्यात तेच झालं. म्हणून ब्राझीलने दुष्काळी ईशान्येतून ५० हजारांहून अधिक माणसं 'रबर सैनिक' म्हणून रानात धाडली. त्यांतली हजारो मलेरियाने आणि इतर आजारांनी गेली. हयात असलेल्यांना पेन्शनचा हक्क मिळाला तो १९८८ च्या राज्यघटनेत. मिळालेलं रबर गरजेपुढे थोडंच. इतकी माणसं घालवून मिळालेला माल मी स्वस्त म्हणणार नाही.

रबर देणाऱ्या ग्वायुले या झुडपाचीही लागवड झाली, पण ते वाढायला वर्षं लागतात.

कारखान्याला वेळ आणि सरकारी पैसा दोन्ही लागले. साध्या वापराचं कृत्रिम रबर १९४१ मध्ये २३१ टन निघालं. १९४५ मध्ये महिन्याला ७० हजार टन. कंपन्यांनी आपापलं ज्ञान एकमेकांपुढे उघडं केलं, हे त्यामागचं मोठं कारण. ब्युटाडाईन, म्हणजे या रबराचा मुख्य घटक, पेट्रोलियमपासून करायचं की धान्याच्या अल्कोहोलपासून, यावर भांडण झालं आणि शेवटी दोन्ही केलं. ते बरंच झालं, कारण अल्कोहोलचे कारखाने आधी सुरू झाले.

एक उणीव मात्र राहिली: जड ट्रकच्या टायरमध्ये हे रबर फार तापायचं, त्यात थोडं नैसर्गिक मिसळावंच लागे. तेव्हा कारखान्यावर पैसा लावाच, पण हातचा साठा पहिल्या दिवसापासून अशाच कामांसाठी राखून ठेवा.