ध्रुवण दाखवायचंय? पोलरॉइड, काच की कॅल्साइट

बारावीला तरंग-प्रकाशिकी शिकवताना ध्रुवणाचा (प्रकाशाच्या विद्युतक्षेत्राचं कंपन एकाच दिशेत होण्याचा) भाग बहुधा फळ्यावरच उरकतो. बाणांच्या दोन आकृत्या, मालसचा नियम, ब्रूस्टरचा नियम, एक गणित आणि पुढचं प्रकरण. यंदा प्रत्यक्ष दाखवायचंच असं एखाद्या शिक्षकाने ठरवलं आणि प्रयोगशाळेच्या खर्चातून थोडे पैसेही सुटले, तर मागवायचं काय? पर्याय मुख्यतः तीन आहेत: पोलरॉइडच्या (एकाच दिशेतलं कंपन पुढे सोडणाऱ्या फिल्मच्या) चकत्या, काचेवरचं परावर्तन आणि कॅल्साइट या खनिजाचा स्फटिक. चौथा साखरेच्या पाण्याचा, पण तो पहिल्याच्या आधारावर उभा राहतो.

माझं मत आधीच सांगतो. पहिले पैसे पोलरॉइडवर घाला, पण पहिला तास पोलरॉइडने सुरू करू नका. तो काचेने सुरू करा.

पोलरॉइड: दाखवतं सगळं, सांगतं कमी

दोन चकत्या एकमेकींवर धरायच्या, एक फिरवायची. उजेड मंद होत जातो आणि ९० अंशांवर जवळजवळ काळोख होतो. परिणाम इतका ठसठशीत आहे की शेवटच्या बाकावरच्या मुलालाही दिसतो. ही ताकद बाकी दोन्ही पर्यायांत नाही.

आज मिळणाऱ्या चकतीची घडण अमेरिकन संशोधक एडविन लँडच्या १९३८ सालच्या कल्पनेवर आहे. पॉलिव्हिनाइल अल्कोहोलची फिल्म तापवून एका दिशेत ताणायची, म्हणजे तिचे लांबलचक रेणू त्या दिशेत रांगेने बसतात. मग ती आयोडिनमध्ये बुडवायची. रेणूंच्या रांगेवर आयोडिन साखळीसारखं बसतं आणि त्या साखळीच्या लांबीवर इलेक्ट्रॉन धावू शकतात. प्रकाशाचं विद्युतक्षेत्र साखळीला समांतर असेल तर इलेक्ट्रॉन हलतात आणि ऊर्जा शोषली जाते. क्षेत्र साखळीला लंब असेल तर प्रकाश पार जातो.

म्हणजे चकतीचा पारगमन अक्ष (ज्या दिशेतलं कंपन पार जातं ती दिशा) रेणूंच्या रांगेला काटकोनात असतो. कुंपणाच्या उभ्या फटीतून दोरी हलवून दाखवणारी आकृती इथे नेमकी उलटं शिकवते. कुंपणाच्या फळ्यांना समांतर हलणारी दोरी पार जाते, इथे मात्र रांगेला समांतर क्षेत्रच अडतं. ती आकृती वर्गात न काढलेलीच बरी.

मोजमापाला पोलरॉइड उत्तम आहे. पहिल्या चकतीतून आलेला प्रकाश दुसरीतून जाताना कोनाच्या कोसाइनच्या वर्गाच्या प्रमाणात उरतो, हाच मालसचा नियम. ४५ अंशांवर निम्मा, ६० अंशांवर पाव. अँड्रॉइड फोनचा प्रकाश-संवेदक आणि एखादं मोफत ॲप एवढ्यावर हा आलेख निघतो. आधी खोलीतल्या इतर उजेडाचं वाचन घेऊन ते वजा करायला विसरू नका. काही फोनमध्ये संवेदक स्क्रीनच्या खालीच बसवलेला असतो आणि त्या स्क्रीनवर स्वतःचा ध्रुवक (चकतीसारखीच ध्रुवण करणारी फिल्म) असतो. अशा फोनने एकच चकती फिरवली तरी वाचन बदलतं आणि मुलं बुचकळ्यात पडतात. स्रोत म्हणून लेझर पॉइंटरही टाळा, कारण स्वस्तातल्या डायोड लेझरचा प्रकाश मुळातच बहुधा ध्रुवित असतो. साधा पांढरा एलईडी पुरतो.

सगळ्यात मोठी गंमत तीन चकत्यांची. काटकोनात ठेवलेल्या दोन चकत्यांमधून काही दिसत नाही, पण मध्ये तिसरी ४५ अंशांवर सरकवली की उजेड परत येतो. हिशेब केला तर मूळ अध्रुवित (सगळ्या दिशांत कंपन असलेल्या) प्रकाशाचा आठवा भाग. अडथळा वाढवला आणि प्रकाशही वाढला! म्हणून दोन नव्हे, तीन चकत्या मागवा. प्रत्यक्षात उजेड आठव्या भागापेक्षाही कमी भरेल. आदर्श चकती अध्रुवित प्रकाशातला निम्मा पुढे सोडते, तर लँडच्या एका प्रसिद्ध प्रकाराच्या नावातच ३८ हा आकडा आहे, तेवढेच टक्के प्रकाश त्यातून येतो. काटकोनातल्या चकत्यांतून गडद जांभळट छटा झिरपते आणि टीव्हीच्या रिमोटचे अवरक्त किरण तर त्यातून बिनधास्त जातात. रिमोटचा प्रयोग करून बघाच, ‘काळोख’ हा फक्त आपल्या डोळ्यांपुरता आहे हे त्यातून कळतं.

फुकटात मिळवायचं असेल तर सिनेमागृहातले थ्रीडी गॉगल सुचतात. इथे एक खाच आहे. हल्ली त्यातले बरेचसे वर्तुळाकार ध्रुवणाचे असतात, म्हणजे त्यात कंपनाची दिशा एका रेषेत न राहता गोल फिरते. त्यांत पडद्याकडच्या बाजूला चतुर्थांश-तरंग पट्टी (वर्तुळाकार ध्रुवणाचं रेषीय करणारी) आणि डोळ्याकडे रेषीय ध्रुवक असतो. ते घालून एलसीडी स्क्रीनकडे पाहत मान कितीही वाकडी केली तरी काळोख होत नाही. गॉगल उलटा धरून बाहेरून आत पाहिलं की होतो. ओळखायची सोपी युक्ती म्हणजे आरसा. गॉगल घालून, एक डोळा मिटून आरशात पाहा. उघड्या डोळ्यासमोरची काच आरशात काळी दिसली तर ध्रुवण वर्तुळाकार, तिच्यातून आपला डोळा दिसला तर रेषीय. मालसच्या नियमासाठी पहिला प्रकार नको.

पोलरॉइडचा खरा तोटा वेगळाच. ही एक बंद पेटी आहे. ‘हे असं का होतं?’ या प्रश्नाला ‘कारखान्यात तसं बनवलंय’ एवढंच उत्तर मुलांच्या हाती लागतं.

काच: फुकट, अंधूक आणि सगळ्यात शहाणी

टेबलावर काळा कागद, त्यावर खिडकीची साधी काच. समोर उजेड पडलेली पांढरी भिंत किंवा पावसाळ्यातलं ढगाळ आभाळ. निरभ्र निळं आभाळ नको, कारण ते स्वतःच ध्रुवित असतं, विशेषतः सूर्यापासून ९० अंशांवर. आता काचेतलं प्रतिबिंब एका चकतीतून पाहा आणि चकती फिरवा. एका स्थितीत प्रतिबिंबात काळसर डाग उमटतो. डोकं पुढेमागे केलं की डागही सरकतो.

त्या डागाच्या जागी परावर्तित प्रकाश पूर्ण ध्रुवित आहे. ब्रूस्टरने १८१५ मध्ये मांडलेला नियम म्हणतो की प्रकाश ज्या आपात कोनात पडला की असं होतं, त्या कोनाचा टॅन म्हणजे अपवर्तनांक (काच प्रकाशाला किती वाकवते याचं माप). काचेसाठी कोन ५६ अंशांच्या आसपास, पाण्यासाठी ५३. पण कोनमापक आणूच नका. आपात कोन लंबापासून मोजतात, त्यामुळे त्याचा टॅन म्हणजे डोळ्याखालच्या बिंदूपासून डागापर्यंतचं आडवं अंतर भागिले डोळ्याची काचेपासूनची उंची. डोळा काचेच्या ४० सेंटिमीटर वर असेल तर डाग ६० सेंटिमीटरवर सापडतो. ६० भागिले ४०, दीड. शिंप्याच्या टेपने काचेचा अपवर्तनांक मोजून झाला! डागाचा मध्य ठरवताना दोन सेंटिमीटर इकडेतिकडे झालं तरी उत्तर १.४५ ते १.५५ मध्ये राहतं. काचेच्या जागी पाण्याचं काळं ताट ठेवलं की डाग ५३ सेंटिमीटरपर्यंत अलीकडे येतो. शाळेच्या पातळीवर इतक्या कमी साहित्यात इतकं देणारा दुसरा प्रकाशाचा प्रयोग मला ठाऊक नाही.

आणि इथे ‘का’चं उत्तरही आहे. प्रकाश काचेत शिरतो तेव्हा त्याचं विद्युतक्षेत्र काचेतल्या इलेक्ट्रॉनना हलवतं आणि हे हलणारे इलेक्ट्रॉनच परावर्तित प्रकाश बाहेर टाकतात. मात्र ज्या रेषेत इलेक्ट्रॉन हलतो त्या रेषेत तो काहीच उत्सर्जित करत नाही. ब्रूस्टरच्या कोनावर परावर्तित आणि अपवर्तित किरण एकमेकांना काटकोनात असतात. त्यामुळे आपात प्रतलात (येणारा आणि परतणारा किरण ज्या प्रतलात असतात त्यात) हलणारे इलेक्ट्रॉन नेमके परावर्तित किरणाच्या दिशेत हलतात आणि त्या घटकाचा प्रकाश तिकडे जातच नाही. उरतो तो फक्त पृष्ठभागाला समांतर घटक. ओल्या डांबरी रस्त्याची चकाकी आडवी ध्रुवित असते ती याच कारणाने, आणि ध्रुवक गॉगलचा अक्ष उभा ठेवतात तोही म्हणूनच.

तोटे आहेत. त्या कोनावर काचेच्या एका पृष्ठभागावरून अध्रुवित प्रकाशाच्या जेमतेम ७ टक्के परत येतो. साठ मुलांना एकदम दाखवता येत नाही, चार-चारच्या गटांनी येऊन पाहावं लागतं. घरच्या आरशावर प्रयोग फसतो, कारण तिथे परावर्तन मुख्यतः मागच्या धातूच्या थरावरून होतं. पॉलिश केलेल्या काळ्या ग्रॅनाइटचा ओटा मात्र चालतो, म्हणजे घरचा अभ्यास स्वयंपाकघरात.

शिवाय काच एकटी पुरत नाही, प्रतिबिंब तपासायला चकती लागतेच. पहिले पैसे पोलरॉइडवर घालायला सांगितले ते यासाठी. या तासाला चकती फक्त तपासनीस असते, तिच्या आत काय चाललंय हे मुलांना नंतर कळलं तरी बिघडत नाही.

कॅल्साइट: देखणं, नाजूक, आणि आपल्या दारातलं

इतिहासाचा क्रम लावला तर कॅल्साइट पहिलं येईल. १६६९ मध्ये डेन्मार्कच्या रासमुस बार्थोलिनने आइसलँडहून आलेल्या स्फटिकातून वस्तू दुहेरी दिसतात असं नोंदवलं. १८०८ मध्ये पॅरिसमध्ये फ्रेंच शास्त्रज्ञ मालसने असाच स्फटिक डोळ्याला लावून लक्झेंबर्ग राजवाड्याच्या खिडक्यांवरून परतणारा मावळतीचा प्रकाश पाहिला. स्फटिक फिरवताना दोन प्रतिमांची तीव्रता कमीजास्त होत होती. परावर्तनाने प्रकाश ध्रुवित होतो हा शोध असा लागला, तेव्हा पोलरॉइड कुठेच नव्हतं.

कागदावरच्या ठिपक्यावर स्फटिक ठेवला की दोन ठिपके दिसतात. स्फटिक फिरवला तर एक जागीच राहतो आणि दुसरा त्याच्याभोवती फिरतो. वर चकती धरून फिरवली तर एक ठिपका नाहीसा होतो, आणखी ९० अंशांवर तो परततो आणि दुसरा जातो. प्रकाशाचे दोन परस्परलंब घटक असे सुटे करून दाखवणारं दुसरं काही नाही. पोलरॉइड एक घटक खाऊन टाकतं, कॅल्साइट दोन्ही हातात देतं. त्याचे दोन अपवर्तनांक १.६५८ आणि १.४८६, आणि एक सेंटिमीटर जाडीला ठिपके सुमारे एक मिलिमीटर दूर जातात. म्हणूनच वर्गासाठी स्फटिक निदान दोन सेंटिमीटर जाड हवा, आणि इथेच किंमत चढते.

आइसलँडची ती खाण बेसॉल्टमधली, आणि महाराष्ट्राचा बराचसा भागही बेसॉल्टवरच बसलाय. आपल्याकडच्या दगडखाणींमध्ये खडकांच्या पोकळ्यांत झिओलाइटबरोबर कॅल्साइटही सापडतं. सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात दख्खनच्या अशा खनिजांचा मोठा संग्रह आहे, सहल नेण्यासारखा. पण स्थानिक कॅल्साइट विकत घेताना सुंदर दिसण्यावर जाऊ नका. पुष्कळसं पिवळसर किंवा धुरकट असतं. खिशातला छापील कागद खाली धरा, अक्षरं स्वच्छ दुहेरी दिसली तरच घ्या. हे खनिज मऊ आहे, मोहस मापनावर ३, मुलांच्या हातात वर्षभरात चरे पडतात. ॲसिडने किंवा व्हिनेगरने पुसू नये. हातातून पडून फुटलं तर मात्र फार हळहळू नका, तुकडेही त्याच तिरक्या चौकटीत फुटतात आणि प्रत्येक तुकडा ठिपका दुहेरी दाखवतोच.

साखरेचं पाणी

चकत्या आल्या की हा प्रयोग जवळजवळ फुकट आहे. काटकोनातल्या दोन चकत्यांमध्ये साखरेच्या दाट, स्वच्छ पाकाचा ग्लास ठेवला की काळोख मोडतो आणि वरची चकती फिरवताना रंग बदलतात, कारण प्रत्येक रंगाचं ध्रुवणप्रतल वेगळ्या कोनातून वळतं. साखर कारखान्याच्या लॅबमध्ये रोज हेच चालतं. २६ ग्रॅम शुद्ध साखर १०० मिलिलिटर द्रावणात, २० सेंटिमीटरची नळी, सोडियमच्या पिवळ्या प्रकाशात वळण सुमारे ३४.६ अंश, आणि त्या मापपट्टीवर हे वाचन १००. याच आकड्याला तिथे ‘पोल’ म्हणतात आणि उताऱ्याच्या (उसातून किती साखर निघाली याच्या) हिशेबात तो लागतो. सांगली-कोल्हापूरकडच्या कॉलेजात असाल तर ध्रुवणाचा तास याच शब्दावरून सुरू करता येईल, मुलांच्या घरी तो ऐकलेला असण्याची शक्यता बरीच आहे.

मग मागवायचं काय

शाळा असेल, पैसे अगदी थोडे असतील तर तीन रेषीय चकत्या आणि काचेचा तुकडा. बस्स. कंपासपेटीतला प्लास्टिकचा कोनमापक दोन चकत्यांमध्ये धरला की त्यातले ताण रंगीत पट्ट्यांनी दिसतात, तोही खर्च नाही. ज्युनियर कॉलेजला यात साखरेचा पाक आणि फोनवरचं मोजमाप जोडा. कॅल्साइट पदवीच्या वर्गाला हवंच. खालच्या वर्गांसाठी एक चांगला तुकडा वर्षानुवर्षे पुरवता येत असेल आणि तो सांभाळणारं कुणी असेल तरच. नुसतं कपाटात ठेवायला घेऊ नका.

चकत्या मागवताना ‘रेषीय’ असं लिहून द्या, नाहीतर कॅमेऱ्याचे वर्तुळाकार फिल्टर हाती पडतात. चौकोनी मोठी शीट घेऊन स्वतः कापणं स्वस्त पडतं. कापण्याआधी एका कोपऱ्यावर अक्षाची दिशा मार्करने लिहा आणि प्रत्येक तुकड्यावर ती उतरवा. ती दिशा शोधायला ओट्यावरचीच चकाकी वापरा: चकाकी सर्वात मंद होते तेव्हा चकतीचा अक्ष उभा असतो. उष्णता आणि दमट हवा आयोडिनच्या फिल्मला मानवत नाही, तेव्हा कोकणात असाल तर चकत्या घट्ट झाकणाच्या डब्यात सिलिका जेलच्या पुडीसोबत ठेवा, आणि ओव्हरहेड प्रोजेक्टरच्या तापलेल्या काचेवर त्या ठेवून विसरू नका.