घरी बांधलेलं मोटर ग्लायडर: एक उन्हाळा, एक पावसाळा

दोन मीटर पंखांचं रिमोटवरचं ग्लायडर घरी बांधलं, त्यावर उन्हाळा-पावसाळा काढला. आता बोलायला हरकत नाही.

सोलापुरात ना टेकडी, ना दोरीने ओढून उडवायला माणसं. म्हणून नाकावर 2212 आकाराची छोटी मोटर आणि घडीचा पंखा. हातातून सोडायचं, अर्धा मिनिट चढवायचं, मोटर बंद. पाती मागे मिटून अंगाला चिकटतात. इटलीच्या ॲलिस्पोर्टचं सायलेंट 2 इलेक्ट्रो, ज्यात खरोखर माणूस बसतो, तेही याच पद्धतीने वर जातं. तीन सेलची 2200 एमएएचची बॅटरी फुल थ्रॉटलला सात-आठ मिनिटं पुरते, म्हणजे चढाया भरपूर. फक्त ईएससीचा, म्हणजे मोटरचा वेग सांभाळणाऱ्या सर्किटचा, ब्रेक चालू करून घ्या. तो बंद असला तर थ्रॉटल खाली घेऊनही पंखा वाऱ्यावर भिरभिरतो, पाती मिटत नाहीत आणि उंची भराभर जाते.

ऊन मात्र अंत बघतं. हॉट ग्लूवर इथे भरवसाच नको. एप्रिलमध्ये डिकीतून विमान काढलं तर सर्वो (झडपा हलवणारी छोटी मोटर) लोण्यातून निघावा तसा हातात आला. आता सगळीकडे इपॉक्सी. पंख वरून पांढरे, काळी टेप फक्त खालून, आकाशात दिसावं म्हणून. लिपो बॅटरी थर्माकोलच्या डब्यातच न्यायची.

पण हवा? पुणेकरांनी जळावं अशी! मंद्रूपकडे नांगरलेल्या काळ्या रानावर सकाळी दहा-साडेदहापासून थर्मल, म्हणजे वर चढणाऱ्या गरम हवेचे झोत, सुटतात, शेजारच्या उसावर गेलं की लगेच खाली. एक पंख आपोआप उचलला की त्याच बाजूला वळवायचं. वर घारी फिरत असतील तर प्रश्नच नाही. बांधावरचे मामा विचारतात, "काय ओ सर, घार पाळलीय काय?"

ड्रोनच्या नियमाने ग्रीन झोनमध्येही, म्हणजे परवानगी न लागणाऱ्या भागातही, 400 फुटांपर्यंतच. मार्चमधल्या हवेत तेवढी उंची मोटर न लावता ओलांडली जाते, म्हणून खाली आणण्यासाठी दोन्ही एलेरॉन (पंखांच्या मागच्या झडपा) एकदम वर करायचं मिक्सिंग रिमोटमध्ये आधीच करून ठेवा. होटगी रोडचं विमानतळ आता चालू आहे, तेव्हा शहराच्या आसपास नकोच.

पावसाळ्यात पोटावर उतरवलं तरी मिटलेली पाती वाचतात, पण काळी माती स्पिनरच्या (पंख्याच्या मधल्या टोपीच्या) सांध्यात बसते. वाळली की पुढच्या वेळी एक पातं उघडतं, दुसरं अडकतं आणि थरथरीने मोटर बसवलेली प्लायवूडची पट्टी ढिली होते. पिशवीत जुना टूथब्रश ठेवा.