काचबिंदू: रोजचे थेंब की लेझर? आणि उजेडाचं काय?

नवीन निदान झालेल्या माणसाने थेंब की लेझर या प्रश्नाआधी डॉक्टरांना एक गोष्ट विचारावी: माझा कोन उघडा आहे की अरुंद? बुबुळ आणि कॉर्निया (डोळ्याचा पुढचा पारदर्शक पडदा) जिथे भेटतात तो हा कोन. डोळ्यातलं पाणी तिथल्या जाळीतून बाहेर जातं; ते अडलं की डोळ्यातला दाब वाढतो आणि नजरेची नस हळूहळू निकामी होऊ शकते. तो नीट पाहायला गोनिओस्कोपी करतात, म्हणजे बधिर केलेल्या डोळ्यावर आरशाची भिंग ठेवून तपासणी. ती झाली नसेल तर आग्रहाने करून घ्या. पुढची तुलना आहे ती उघड्या कोनाच्या काचबिंदूची.

थेंबांची जमेची बाजू उघड आहे. आज सुरू करता येतात, नाही मानवले तर बदलता येतात. लॅटानोप्रॉस्ट रात्री एकदाच घालायचं असतं आणि दाब चांगला उतरवतं; त्याने डोळे लाल होतात, पापण्यांचे केस वाढतात, काहींच्या बुबुळाचा रंग गडद होतो. टिमोलॉल जुनं आणि स्वस्त, पण दमा असेल किंवा नाडी मंद असेल तर ते टाळायला हवं. थेंब डोळ्यात घालायचे असले तरी औषध रक्तात उतरतं, म्हणून दम्याची गोष्ट डोळ्याच्या डॉक्टरांना सांगायचीच.

खरी अडचण रोजच्या पाळण्याची आहे. काचबिंदू दुखत नाही, थेंब चुकले तरी त्या दिवशी काहीच बिघडल्यासारखं वाटत नाही, आणि म्हणूनच ते चुकतात. त्यात संधिवाताच्या बोटांनी ती टणक, इवलीशी बाटली दाबणं आलं: एक थेंब गालावर, दुसरा पापणीवर, आणि बाटली महिना संपायच्या आतच रिकामी. खालची पापणी ओढून एकच थेंब घालावा, डोळा मिटावा, नाकाजवळचा कोपरा दोनेक मिनिटं दाबून धरावा; दुसरं औषध पाच मिनिटांनी. लॅटानोप्रॉस्टची बाटली उजेडात, उन्हाच्या खिडकीत ठेवू नये. न उघडलेली फ्रीजमध्ये ठेवायची, उघडल्यावर सहसा सहा आठवड्यांत संपवायची किंवा टाकून द्यायची. विदर्भातल्या मे महिन्यात उघडलेली बाटलीही फ्रीजच्या दारातच बरी.

लेझर म्हणजे इथे एसएलटी (सिलेक्टिव्ह लेझर ट्रॅबेक्युलोप्लास्टी). हिरव्या प्रकाशाचे, 532 नॅनोमीटरचे, सुमारे 3 नॅनोसेकंदांचे ठोके जाळीतल्या रंगद्रव्य असलेल्या पेशींवर मारतात. ठोका इतका क्षणिक असतो की आसपासचा भाग भाजत नाही. मोरीची जाळी साफ केल्यावर पाणी वाहू लागावं, तसा डोळ्यातला निचरा सुधारतो. काम ओपीडीतच होतं, काही मिनिटांत. नंतर दोनचार दिवस डोळा किंचित दुखतो, उजेड सहन होत नाही. दाब क्वचित काही तासांसाठी वाढतो, म्हणून त्याच दिवशी मोजतात. पूर्ण परिणाम दिसायला चार ते आठ आठवडे लागतात. तोवर आधीचे थेंब स्वतःच्या मनाने बंद करू नयेत. परिणाम काही वर्षांनी ओसरू शकतो, मग पुन्हा करता येतं.

आधी लेझर बरं की आधी थेंब, हे पाहणाऱ्या ब्रिटनमधल्या ‘लाइट’ नावाच्या चाचणीत 718 रुग्ण होते, निकाल 2019 साली लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकात आला. आधी लेझर केलेल्यांपैकी सुमारे 74 टक्के डोळ्यांना तीन वर्षांनंतरही थेंब लागत नव्हते, सहा वर्षांनी सुमारे 70 टक्के. शस्त्रक्रियाही थेंबांच्या गटापेक्षा त्या गटात कमी लागल्या. 2022 मध्ये तिथल्या मार्गदर्शक तत्त्वांनी एसएलटीला पहिला उपचार मानलं.

म्हणून माझं मत स्पष्ट आहे: कोन उघडा, निदान नवीन, आणि थेंब रोज पडतील याची खात्री नसेल, तर लेझर आधी. दाब फार जास्त असेल किंवा नजरेची नस बरीच गेली असेल, तर लेझरचा परिणाम दिसायची वाट पाहण्याइतका वेळ नसतो. तिथे थेंब, आणि प्रसंगी शस्त्रक्रिया. कोणत्याही उपचाराने गेलेली नजर परत येत नाही, आणि लेझर करून घेतलं म्हणून फील्ड टेस्ट (आजूबाजूचं किती दिसतं याची तपासणी) चुकवायची मुभा नसते.

आता उजेड. मोबाईलच्या प्रकाशाने काचबिंदू होतो याला आधार नाही, आणि काळ्या चष्म्याने दाब उतरत नाही. अंधाराचा धोका मात्र खरा आहे, तोही अरुंद कोनवाल्यांना. मंद उजेडात बाहुली मोठी होते, बुबुळाची कड कोनात दाटते आणि दाब एकदम चढू शकतो. सिनेमागृहातून बाहेर पडताना डोळा ठणकतोय, दिव्यांभोवती रंगीत कडी दिसताहेत, मळमळतंय, असं झालं तर सकाळची वाट न पाहता त्याच रात्री रुग्णालय गाठावं. सर्दीच्या आणि प्रवासाच्या काही गोळ्यांनीही बाहुली मोठी होते, त्या घेण्याआधी विचारावं. अरुंद कोनावरचा लेझर वेगळा असतो, बुबुळाला सूक्ष्म छिद्र पाडणारा. त्यानंतर काहींना उजेडाची रेघ दिसते.

उघड्या कोनाच्या रुग्णांची तक्रार निराळी: समोरच्या हेडलाइटने डोळे दिपतात आणि उन्हातून घरात आल्यावर नजर स्थिरावायला वेळ लागतो. त्यांनी बाहेर टोपी आणि चष्मा वापरावा, घरात जिन्यावर चांगला दिवा ठेवावा. फील्ड टेस्टमध्ये बाजूची नजर गेल्याचं दिसलं असेल, तर रात्री दुचाकी चालवायची की नाही हे त्याच भेटीत डॉक्टरांना विचारून घ्यावं.