हिडेनसेच्या पदकाची प्रतिकृती: आकार अचूक, रवाकाम हरवलेले

जर्मनीच्या बाल्टिक किनाऱ्याजवळच्या हिडेनसे बेटावर 1872 ते 1874 या काळात, वादळांनी किनारा धुपल्यानंतर, दहाव्या शतकातील व्हायकिंग (उत्तर युरोपातील दर्यावर्दी लोक) घडणीचे 16 सोन्याचे दागिने थोडेथोडे करून सापडले. एक गोल ब्रोच, तारा गुंफून केलेले एक गळ्यातले, दहा पदके आणि त्यांच्या मध्ये ओवायचे चार लहान तुकडे असा हा ठेवा असून त्याचे एकूण वजन सुमारे 600 ग्रॅम भरते. जर्मनीतल्याच श्ट्रालझुंड शहराच्या संग्रहालयाकडे तो आहे. त्यांपैकी एका मोठ्या पदकाची सोन्याचा मुलामा दिलेली चांदीची प्रतिकृती मी घेतली.

बाह्यरेषेत खोट काढता येत नाही. क्रॉसाचे बाहू, एकमेकांत अडकलेले वेटोळे आणि वरच्या कडीपाशी खाली चोच रोखून बसलेले शिकारी पक्ष्याचे डोके, सारे जागच्या जागी आहे. ख्रिस्ती क्रॉस आणि व्हायकिंगांच्या थोर नावाच्या देवाचा हातोडा या दोन्हींचा भास एकाच आकारात व्हावा, ही मूळ कारागिराची किमया प्रतिकृतीतही टिकली आहे, आणि केवळ तेवढ्यासाठीही ती पुन्हा पुन्हा हातात घ्यावीशी वाटते.

परंतु भिंगाखाली धरताच निराशा होते. मूळ पदके घडवताना सोन्याचा पातळ पत्रा ठशावर दाबून उठाव आणला जाई, मग त्या उठावावर बारीक तार आणि सोन्याचे इवले रवे एकेक मांडून डाखाने पक्के केले जात. हेडेबी या व्हायकिंगकालीन व्यापारी नगराच्या बंदरातून असे 42 कांस्य ठसे वर काढण्यात आले आहेत, त्यामुळे या पद्धतीविषयी केवळ तर्कावर विसंबावे लागत नाही. माझी प्रतिकृती मात्र साच्यात ओतलेली आहे. त्यामुळे रव्यांच्या जागी बोथट फुगवटे आले आहेत, आणि प्रत्येक रव्याच्या बुडाशी जी सावली पडायला हवी, जिच्यामुळे पूर्ण नक्षी जिवंत होते, ती कुठेच पडत नाही. वजनही जाणवण्याइतके जास्त आहे, कारण ओतीव चांदी भरीव असते.

मुलामा एकसारखा आहे, कडी मजबूत आहे. नुसता आकार जवळ ठेवायचा असेल, तर ही प्रतिकृती जरूर घ्यावी. रवाकामाच्या ओढीने घेणार असाल, तर पत्र्यावर हाताने रवे बसवणाऱ्या कारागिराकडून घडवून घ्यावी, आणि पैसे देण्यापूर्वी नक्षीचे भिंगातून काढलेले छायाचित्र मागून घ्यावे.