शोधगंगेतले मराठी प्रबंध

पीएच.डी.साठी नाव नोंदवलेला विद्यार्थी पहिल्यांदा भेटायला येतो, तेव्हा मी त्याला एकच काम सांगतो : तुझ्या विषयावर आजवर कोणत्या विद्यापीठात कोणी काय काम केले आहे, ते आधी शोधून आण. पंचवीस वर्षांपूर्वी या एका कामात सहा-सहा महिने जात. प्राचार्यांचे पत्र घेऊन विद्यापीठाच्या ग्रंथालयात जायचे, प्रबंध विभागात बसून दिवसभर वहीत टिपणे काढायची आणि संध्याकाळची एसटी गाठायची, असे दिवस मी स्वतः काढले आहेत. प्रबंध घरी मिळत नसे आणि झेरॉक्स काढायला सहसा परवानगी नसे. दुसऱ्या विद्यापीठातला प्रबंध पाहायचा तर मुक्कामाची सोय आधी पाहावी लागे. आज माझे विद्यार्थी हे काम गावातल्या घरी बसून मोबाइलवर सुरू करतात, ते शोधगंगेमुळे, म्हणजे देशभरातल्या विद्यापीठांचे प्रबंध ऑनलाइन वाचायला देणाऱ्या भांडारामुळे. गेली दहा-बारा वर्षे मी ही सेवा सतत वापरतो आहे, आणि मराठी भाषा व साहित्य या विषयांत संशोधन करणाऱ्याला तिचा किती उपयोग होतो, एवढ्यापुरतेच हे परीक्षण मर्यादित ठेवले आहे.

शोधगंगा चालवते ते गांधीनगरचे इन्फ्लिबनेट केंद्र. या केंद्राचा आरंभ १९९१ मध्ये पुण्याच्या आयुका या खगोलविज्ञान संस्थेअंतर्गत एक प्रकल्प म्हणून झाला आणि १९९६ मध्ये ते विद्यापीठ अनुदान आयोगाचे स्वतंत्र आंतरविद्यापीठीय केंद्र बनले. आयोगाच्या २००९ च्या नियमावलीने मूल्यमापन पूर्ण झाल्यानंतर ३० दिवसांच्या आत प्रबंधाची सॉफ्ट कॉपी देणे विद्यापीठांवर बंधनकारक केले, आणि या भांडाराला खरा ओघ मिळाला तो तिथून. आज त्यात पाच लाखांहून अधिक प्रबंध आहेत. प्रबंध वाचण्यासाठी खाते उघडावे लागत नाही, पैसे भरावे लागत नाहीत, महाविद्यालयाचे ओळखपत्रही लागत नाही. संशोधनाची नोंदणी झालेल्या विषयांचे आराखडे ‘शोधगंगोत्री’ या जोडसेवेत ठेवण्याची सोय आहे. विषय ठरवण्यापूर्वी तिथेही एक फेरी मारावी, असे मी आग्रहाने सांगतो.

उच्च शिक्षणातल्या ऑनलाइन सेवांविषयी सध्या सर्वाधिक बोलले जाते ते ‘वन नेशन वन सबस्क्रिप्शन’ या योजनेविषयी, म्हणजे संशोधन-नियतकालिके सरकारी खर्चाने संस्थांना ऑनलाइन वाचायला देण्याच्या योजनेविषयी. नोव्हेंबर २०२४ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने तिला मंजुरी दिली. तीन वर्षांसाठी ६००० कोटी रुपये, ३० प्रकाशक आणि सुमारे १३,००० नियतकालिके, असा तिचा पसारा आहे. विज्ञान, वैद्यक आणि अभियांत्रिकीच्या संशोधकांसाठी ती फार मोठी गोष्ट आहे, यात शंका नाही. परंतु तिचा पहिला टप्पा सरकारी व्यवस्थापनाखालील संस्थांसाठी आहे, आणि महाराष्ट्रातली कला शाखेची बहुतेक महाविद्यालये शिक्षण संस्थांनी चालवलेली आहेत. शिवाय मराठीच्या अभ्यासकाला लागणारा ‘भाषा आणि जीवन’चा किंवा धुळ्याच्या राजवाडे मंडळाच्या ‘संशोधक’चा जुना अंक आंतरराष्ट्रीय प्रकाशकांच्या त्या यादीत कसा असणार? त्यामुळे मराठीपुरते बोलायचे तर, सर्वांना खुले असलेले आणि मराठीतच लिहिलेले संशोधन एवढ्या मोठ्या प्रमाणावर एका ठिकाणी मिळते, ते शोधगंगेत.

या सेवेचे मोल मला सर्वांत जास्त कुठे जाणवते, ते आधी सांगतो. प्रबंधाचे पुढे पुस्तक झाले, तर प्रकाशक पानांचा हिशोब करतो आणि पहिली कात्री परिशिष्टांना लागते. लोकसाहित्यावरच्या प्रबंधात मात्र परिशिष्ट हाच अनेकदा सगळ्यात जिवंत भाग असतो. जात्यावरच्या ओव्या, भलरी, फेराची गाणी, कोणत्या गावात कोणाकडून कधी ऐकली याच्या नोंदी, बोलीतल्या शब्दांच्या याद्या, प्रश्नावली. विवेचनाची प्रकरणे कधी कधी फार सामान्य निघतात. तीच तीच अवतरणे, त्याच त्याच व्याख्या. पण तीस वर्षांपूर्वी एखाद्या संशोधिकेने वाडीवस्तीवर पायी फिरून गोळा केलेल्या दोनशे ओव्या परिशिष्टात जशाच्या तशा असतात, आणि त्या गाणारी पिढी आज हयात नसते. टंकलिखित प्रबंधांच्या स्कॅनमध्ये तर मी एक गोष्ट नेहमी थांबून पाहतो : मराठी टंकयंत्रावर न जमलेली जोडाक्षरे शाईने हाताने पूर्ण केलेली असतात. मार्गदर्शकाने की संशोधकाने, कळत नाही. पण त्या पानावर कोणीतरी एकेक अक्षर तपासले होते, हे दिसते. (याच परिशिष्टांत कधी कधी माहिती देणाऱ्यांचे पूर्ण नाव, पत्ता आणि फोन नंबरही छापलेले असतात. प्रबंध कपाटात होता तेव्हा त्याने बिघडत नव्हते, आता तो जगासमोर उघडा आहे. आपल्या विद्यार्थ्यांकडून तो भाग मार्गदर्शकांनी काढून घ्यायला हवा.)

प्रबंध भांडारात असणे आणि तो शोधणाऱ्याला सापडणे, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि मराठीच्या बाबतीत या दोहोंतले अंतर फार मोठे आहे. शोधगंगेत प्रत्येक प्रबंधाचे एक नोंदपान असते : शीर्षक, संशोधक, मार्गदर्शक, मुख्य शब्द, विद्यापीठ, विभाग, पूर्ण झाल्याचे वर्ष, सारांश. शोध घेताना मुख्यतः याच पानाचा आधार असतो, आणि हे पान भरले जाते ते प्रबंध पाठवणाऱ्या विद्यापीठाकडून. मराठी प्रबंधाचे शीर्षक कुठे देवनागरीत असते, कुठे रोमन लिपीत असते, तर कुठे त्याचे इंग्रजी भाषांतर करून टाकलेले असते. एकट्या ‘ज्ञानेश्वर’ या नावाची गंमत नव्हे, अडचण पाहा : रोमन लिपीत ते डी, जे आणि जी या तीन वेगवेगळ्या अक्षरांनी सुरू होऊ शकते, शेवटी कोणी ‘श्वर’साठी डब्ल्यू लिहितो तर कोणी व्ही. ‘लोकगीते’ कुठे एक शब्द असतो, कुठे दोन. ‘ळ’ला रोमन लिपीत सर्वमान्य अक्षरच नाही, त्यामुळे ‘चळवळ’, ‘बोली’ आणि ‘ओळ’ यांतले ‘ळ’ आणि ‘ल’ एकाच अक्षरात बुडून जातात. मुख्य शब्दांच्या जागी अनेकदा ‘कला आणि मानव्यविद्या’, ‘साहित्य’ अशा अर्थाचे ठोकळ इंग्रजी वर्ग दिलेले असतात. मराठीचा प्रत्येक प्रबंध साहित्याचाच असतो. त्या शब्दाने शोधून हाती काय लागणार?

गेल्या वर्षी माझी एक विद्यार्थिनी दोन आठवडे स्त्रीगीतांवरचा एक प्रबंध शोधत होती. तो झालेला आहे, हे मला पक्के ठाऊक होते, कारण त्याच्या तोंडी परीक्षेला मी हजर होतो. ‘ओवी’ टाकून पाहिले, ‘ओव्या’ टाकून पाहिले, ‘स्त्रीगीते’ देवनागरीत आणि रोमनमध्ये तीन-चार प्रकारे लिहून पाहिले. शेवटी मी तिला सांगितले, “विषय सोड, मार्गदर्शकांच्या नावाने बघ.” पाच मिनिटांत प्रबंध सापडला. त्याचे शीर्षक नोंदवणाऱ्याने इंग्रजीत भाषांतरित केले होते आणि त्यात ‘ओवी’ हा शब्दच नव्हता. फाईल उघडल्यावर ती म्हणाली, “सर, अक्षरं नीट दिसतात, पण शोधलं की काहीच येत नाही, आणि कॉपी केलं तर भलतंच उमटतं.” याचे कारण फॉन्ट. युनिकोड, म्हणजे सगळ्या संगणकांना सारखीच कळणारी अक्षरपद्धती, रुळण्याआधी, आणि काही ठिकाणी त्यानंतरही बरीच वर्षे, मराठी प्रबंध डीटीपीवाल्याकडे श्रीलिपीसारख्या फॉन्टमध्ये टाइप होत. डोळ्यांना ते मराठी दिसते. संगणकाला मात्र ती रोमन अक्षरांची आणि चिन्हांची अर्थहीन रांग असते. स्कॅन केलेले प्रबंध तर नुसती चित्रेच. परिणाम असा की पाचशे पानांच्या प्रबंधात एखादा शब्द कुठे आला आहे, हे पाहायचे तर आजही पानन् पान चाळावे लागते. इंग्रजीत संशोधन करणाऱ्याला जी सोय गृहीतच धरता येते, ती मराठीच्या वाचकाला अशा वेळी मिळत नाही. आणि हेच अंतर वाङ्मयचौर्याच्या तपासणीतही राहते, कारण जो मजकूर यंत्राला वाचताच येत नाही, त्याची तुलना ते कशाशी करणार?

हे सगळे शोधगंगेच्या खात्यावर मांडणे न्याय्य होणार नाही. तिचा सांगाडा डी-स्पेस या मुक्त संगणकप्रणालीवर उभा आहे. अमेरिकेतली एमआयटी ही संस्था आणि एचपी ही कंपनी यांनी मिळून ती तयार केली आणि २००२ मध्ये खुली केली. या प्रणालीला युनिकोड देवनागरीचे वावडे नाही. नोंद देवनागरीत नीट केलेली असेल, तर देवनागरीत शोधल्यावर ती येते. उणीव आहे ती विद्यापीठाच्या टोकाला, जिथे हे काम शेवटच्या आठवड्यात, प्रबंधाचा विषय ठाऊक नसलेल्या माणसाकडून, मुदत पाळण्यासाठी उरकले जाते. इन्फ्लिबनेट केंद्राकडून माझी अपेक्षा एकच आहे : भारतीय भाषांतल्या प्रबंधांसाठी मूळ लिपीतले शीर्षक आणि त्याच लिपीतले किमान पाच मुख्य शब्द यांच्याशिवाय नोंद स्वीकारू नये.

वापराविषयी थोडे व्यावहारिक. प्रबंध सलग एका फाईलमध्ये मिळत नाही. मुखपृष्ठ, प्रमाणपत्र, अनुक्रमणिका, प्रत्येक प्रकरण, संदर्भसूची अशा सुट्या पीडीएफ असतात. मोबाइलवर आणि तुटपुंज्या डेटावर काम करणाऱ्याला हे सोयीचे पडते, कारण हवे ते एकच प्रकरण उतरवता येते. सलग वाचणाऱ्याला मात्र दहा-पंधरा फाईली उघडमीट कराव्या लागतात, आणि सगळ्यांची नावे क्रमांकांची असल्यामुळे उतरवल्यावर दोन प्रबंधांच्या फाईली एकमेकींत मिसळतात. प्रत्येक प्रबंधासाठी वेगळा फोल्डर आधी करावा. ८० क्रमांकाने सुरू होणारी जी फाईल असते, तिच्यात सहसा मुखपृष्ठ आणि निष्कर्ष असतात; प्रबंध आपल्या कामाचा आहे की नाही, हे तिच्यावरून पंधरा मिनिटांत कळते. संदर्भ देताना ब्राउझरमधला पत्ता चिकटवण्यापेक्षा नोंदपानावरचा, १०६०३ हा आकडा असलेला कायमचा दुवा द्यावा, कारण संकेतस्थळाची मांडणी बदलली तरी तो टिकण्यासाठीच केलेला असतो. शोध मात्र विषयापासून सुरू करू नये. विद्यापीठ, मग मराठी विभाग, आणि मग वर्षांच्या क्रमाने सगळी यादी डोळ्यांखालून घालावी. हे जुन्या कार्डांच्या खणात बोटे घालण्यासारखे सावकाश काम आहे, पण मराठीसाठी आजही तेच सर्वांत खात्रीचे आहे. मार्गदर्शकांची नावे माहीत असतील तर त्यांच्यावरून जावे. विभागाचे नावही सगळीकडे सारखे नसते. कुठे ‘मराठी’, कुठे ‘भाषा’, कुठे नुसतेच ‘कला शाखा’, तेव्हा तिन्ही पाहावेत.

गेल्या पावसाळ्यात, स्त्रीगीतांवरचा प्रबंध शोधणाऱ्या त्याच विद्यार्थिनीचा स्वतःचा प्रबंध पूर्ण झाला. सॉफ्ट कॉपी देण्याच्या दिवशी मी तिच्याबरोबर ग्रंथालयात गेलो. ग्रंथपाल बाईंनी खुर्ची पुढे सरकवून दिली आणि म्हणाल्या, “सर, तुम्हीच सांगा, मी टाइप करते.” शीर्षक आधी देवनागरीत घातले, खाली रोमन लिपीत. मुख्य शब्दांत ‘ओवी’, ‘ओव्या’, ‘जात्यावरच्या ओव्या’, ‘स्त्रीगीते’, जिल्ह्याचे नाव, तालुक्यांची नावे आणि ज्या दोन गावांत तिने सर्वाधिक गाणी गोळा केली, त्यांचीही नावे दिली. सगळ्याला मिळून पाऊण तास लागला. काही आठवड्यांनी तिने नोंद दिसू लागल्याचे कळवले, तेव्हा मी शोधाच्या चौकटीत देवनागरीत फक्त त्यातल्या एका गावाचे नाव लिहिले. यादीत एकच प्रबंध आला, आणि तो तिचा होता.