डाळिंबाला पेटी कुठली: मेलिफेरा, सातेरी की डंख नसलेली माशी?

बहार धरायची, म्हणजे डाळिंबाला फुलोरा आणायची वेळ आली की सांगोला, मंगळवेढा, पंढरपूर भागात परागीकरणासाठी मधमाशीच्या पेट्यांची चौकशी सुरू होते: मेलिफेरा म्हणजे बाहेरून आणलेली युरोपीय मधमाशी, सातेरी म्हणजे पेटीत पाळतात ती आपली देशी मधमाशी. हल्ली त्यात डंख नसलेल्या माशीचंही नाव निघतं. बरेच जण तिला ट्रायगोनाच म्हणतात. डसत नाही, उठून जात नाही, साखरेचा पाक फारसा लागत नाही, एवढ्यावर लोक पेटी घरी आणतात. यातलं बहुतेक खरं आहे. पण पाच एकर बाग तिच्या एका पेटीच्या भरवशावर सोडणार असाल, तर जरा थांबा.

मधाचा हिशोब चटकन उरकतो. मेलिफेराची पेटी नीट सांभाळली, फुलोऱ्यामागे फिरवली, तर वर्षाला पंचवीस-तीस किलोपर्यंत जाते. सातेरी पाच ते दहा किलो. ट्रायगोना अर्धा किलो, फार तर किलोभर. तिचा मध पातळ, आंबटसर आणि पाण्याचं प्रमाण जास्त असलेला, म्हणून लवकर आंबतो. तो महाग विकला जातो, पण मुळात विकायला असतो किती? मधाच्या उत्पन्नासाठी ती घेऊ नका.

आता तिचं घर बघा. जुन्या वाड्याच्या दगडी भिंतीच्या सांदीतून बोटाएवढी काळपट, चिकट नळी बाहेर आलेली असते. तोंडाशी चार-सहा पहारेकरी माश्या डोकी बाहेर काढून बसलेल्या. माशी जेमतेम चार मिलिमीटरची, आणि मागच्या पायांवर कधी पिवळे परागकण, कधी झाडाच्या चिकाचा चकचकीत ठिपका. हा चीक मेणात कालवून ती सगळं घर बांधते. आत सातेरीसारख्या षटकोनी घरांच्या उभ्या चकत्या नसतात. मध आणि पराग ठेवायला वेगळी मडकी, अंड्यांच्या कुप्यांचा वेगळा घोस.

सातेरीची कामकरी अळीला रोज भरवते. ट्रायगोना कुपी आधी खाद्याने भरते, राणी त्यात अंडं घालते आणि लगेच तोंड बंद होतं. आतली अळी स्वतःचं स्वतः खाते. अंड्यापासून माशी व्हायला दीड महिना लागतो, सातेरीला तीन आठवडेही लागत नाहीत. म्हणजे चुकीच्या फवारणीत अर्ध्या माश्या मेल्या, तर ट्रायगोनाची वसाहत सावरायला फार वेळ घेते.

जुनी राणी पोट फुगल्यावर उडूच शकत नाही. नवं घर करायला तिची लेक, म्हणजे नवी राणी निघते आणि माहेरच्या माश्या कित्येक दिवस मेण, मध वाहून नेतात. त्यामुळे दुष्काळात अख्खी वसाहत उठून जाण्याचा धोका नगण्य. सातेरीचं नेमकं उलट: फुलं संपली, मेणकिडा लागला की एका सकाळी पेटी रिकामी. मेलिफेरा सहसा राहते, पण वरोआ कोळी (माश्यांच्या अंगावर जगणारा बारीक परजीवी) आणि उपासमार, दोन्हीकडे तुम्हालाच लक्ष द्यावं लागतं.

माझ्या मते निर्णय ठरतो तो उडण्याच्या अंतरावर. मेलिफेरा दोन-तीन किलोमीटर सहज जाते, सातेरी किलोमीटर-दीड किलोमीटर, ट्रायगोना काही शे मीटर. मोठ्या बागेला हे अपुरं आहे. शिवाय डाळिंबाचं फूल मोठं, माशी बारीक. ती पुंकेसरांवर पराग गोळा करून स्त्रीकेसराला न शिवताही परतू शकते. पण अंतर कमी याचा फायदाही आहे. शेजाऱ्याने फुलकिड्यांसाठी भर दुपारी काय मारलं याचा फटका मेलिफेराला बसतो. ट्रायगोनाचं जगणं-मरणं बरंचसं तुमच्याच पंपावर. फुलोऱ्यात कीटकनाशक टाळा, अगदीच गरज पडली तर माश्या परतल्यावर, संध्याकाळी. तेल्या या डाळिंबाच्या रोगाच्या भीतीने जो तो टाकीत काहीबाही मिसळतो, तिथे कुठलीच पेटी टिकणार नाही.

सोलापूरचा मे महिनाही विसरू नका. पारा बेचाळीसच्या वर गेला की सातेरी, मेलिफेरा पाणी आणून, पंखांनी वारा घालून पोळं गार ठेवतात. ट्रायगोनाला ते तितकंसं जमत नाही. तिची पेटी जाड लाकडाची हवी, कडुनिंबाच्या सावलीत, आणि मुंग्यांसाठी स्टँडचे पाय पाण्यात.

म्हणून मोठी बाग असेल तर बहारापुरत्या मेलिफेराच्या पेट्या भाड्याने आणा. वर्षभर बांधावर काही ना काही फुलत असेल आणि हाताशी वेळ असेल तर सातेरी. परसबाग, शेवगा, कांद्याचं बी, अंगणात लहान मुलं, असा मामला असेल तर डोळे मिटून ट्रायगोना घ्या. छेडलं तर केसांत, कानांत शिरून चावते, पण सूज येत नाही.

वसाहत केरळातून मागवण्यापेक्षा इथल्याच कोरड्या हवेतली बघा. पैसे देण्याआधी सकाळी नऊ-दहाला पेटीसमोर थोडा वेळ बसा. पिवळे पाय घेऊन माश्या एकामागून एक नळीत शिरत असतील, तर आत राणी अंडी घालते आहे असं धरायला हरकत नाही. नुसत्याच ये-जा करत असतील, तर झाकण उघडून कुप्या दाखवायला सांगा.